निशाणी : एका कामाची वही

१२ जून २०२४

नाव तूर्त ‘निशाणी’. विषय झिजलेले ठसे. वर्षभर ‘शरीर आणि तंत्रज्ञान’ असं भलंमोठं गाठोडं घेऊन हिंडत होते. अनुदानाचे अर्ज भरायला ते बरं, काम करायला निरुपयोगी. परवा रेशनच्या दुकानात ई-पॉस मशीनसमोर एक आजी अंगठा केसांतून फिरवून पुन्हा काचेवर टेकवत होत्या. दुकानदार म्हणाला, “अंगठा राहू द्या, मधलं बोट लावा. ते नाही, डाव्या हाताचं.” मागच्या रांगेत कुणालाच त्याचं काही वाटलं नाही. केसांचं तेल लागलं की ठसा उठतो, हे सगळ्यांना ठाऊक. मला नव्हतं, आणि मी म्हणवते स्वतःला छापचित्रकार.

काय करायचं ते अजून धूसर आहे. काय करायचं नाही ते पक्कं: हातांचे मोठाले काळेपांढरे फोटो नाहीत. सुरकुतलेल्या हातांचा एक तरी फोटो पुण्यातल्या प्रदर्शनात असतोच. बघणारा “काय कष्ट असतील हो” म्हणतो आणि चहाला जातो.

१७ जून

पासोड्या विठोबाजवळच्या इलेक्ट्रॉनिक्सच्या गल्लीतून आर ३०७ हा ठसे टिपणारा सेन्सर आणला, आर्डुइनो या छोट्या संगणक-पाटीला जोडला. दुकानातल्या दादांनी विचारलं, “हजेरीचं मशीन करताय का?” हो म्हणून टाकलं.

आत एक प्रिझम, एक दिवा आणि कॅमेऱ्याची चिप. बोट काचेला टेकलं की रेघांचे उंचवटे काचेला भिडतात. तिथून प्रकाश पुरता परत येत नाही, म्हणून रेघा काळ्या दिसतात. मधल्या चरांत हवा असते, तिथून तो पूर्ण परततो, म्हणून चर पांढरे. थोडक्यात, मशीन बोट बघतच नाही. बोट आणि काच जिथं भिडतात तेवढंच बघतं. कोरडं, भेगाळलेलं बोट नीट भिडत नाही. तेल किंवा ओल ती फट भरून काढते. आजींचं केसांचं तेल म्हणजे चोख भौतिकशास्त्र.

चित्र २५६ बाय २८८ ठिपक्यांचं येतं. त्यातून रेघ कुठं संपते आणि कुठं दुभंगते, एवढ्या जागा आणि त्यांची दिशा मशीन उचलतं, बाकी टाकून देतं. झिजलेल्या बोटाची पंचाईत अशी की तिथं रेघा जागोजाग तुटलेल्या असतात आणि प्रत्येक तुटलेलं टोक मशीनला खूण वाटतं. असलेल्या खुणा बुजतात, नसलेल्या दिसतात. पुढच्या आठवड्यात भेगा दुसरीकडे सरकल्या, की आपलाच मागचा ठसा आपल्याशी जुळत नाही.

२१ जून

मावशींची बोटं घेतली. मावशी आमच्याकडे आणि सोसायटीतल्या आणखी बऱ्याच घरी धुणं-भांडी करतात. सेन्सरवर नुसतं धुकं आलं. मग जुनी युक्ती केली: मऊ पेन्सिलीची पूड कागदावर घासायची, बोट तिच्यावरून फिरवायचं, सेलोटेप दाबून उचलायचा आणि पांढऱ्या कागदावर चिकटवायचा. टेप बोटाची गोलाई धरतो, त्यामुळे काचेला जे कधीच भिडत नाही तेही उचलून आणतो. १२०० डीपीआयला स्कॅन करून पडद्यावर मोठं केलं.

उजवी तर्जनी. दोन्ही बाजूंना रेघा शाबूत, एकीला एक लागून, वर जाऊन वळणाऱ्या. मध्ये, जिथं तारेची घासणी दाबली जाते तिथं, सेंटीमीटरभर पट्टा साफ गुळगुळीत. त्यातून तिरप्या बारीक भेगा, आत काळ्या, कडेला कातडीची साल उचललेली. खालच्या अंगाला विळीचा जुना वण. जखम भरताना दोन्हीकडच्या रेघा नेमक्या समोरासमोर आल्या नाहीत, एक घर चुकून जुळल्या. त्या चुकलेल्या जोडाकडे मी कितीतरी वेळ बघत बसले.

मावशी पडद्याजवळ आल्या. “हे माझं बोट? शेत दिसतंय, ताई. नांगरट अर्धी टाकून गडी पळालेला.”

त्यांनीच सांगितलं की गावी जत्रेला पंधरा दिवस राहिल्या, तर परत आल्यावर मशीन अंगठा घेतं. बरोबरच आहे. रेघांचा साचा वरच्या कातडीत नसतो, तिच्या खालच्या थराशी असतो. आईच्या पोटात साधारण तिसऱ्या-चौथ्या महिन्यात तो घडतो. घासणी थांबली की तोच नकाशा पुन्हा वर येतो. म्हणजे मशीनच्या लेखी मावशी सुट्टीवर असतात तेव्हाच मावशी असतात.

१ जुलै

पालख्या मुक्कामाला, रस्ते बंद, स्टुडिओला जाणं नाही. घरी वाचन.

१८५८ साल, बंगालमधलं जंगीपूर. राज्यधर कोनाई नावाच्या माणसाशी रस्त्याच्या खडीचा करार झाला आणि विल्यम हर्शेल या अधिकाऱ्यानं करारावर त्याच्या पंजाचा ठसा घेतला. ओळख पटवायचा हेतू तेव्हा नव्हताच. पुढं ‘सही माझी नाही’ म्हणायची छाती होऊ नये, एवढा धाक बसवायचा होता. ठशांचं शास्त्र त्यानंतर वाढलं. १८९७ मध्ये कलकत्त्याला ठशांचं कार्यालय निघालं. वर्गीकरणाची पद्धत बसवण्यात अझीझुल हक आणि हेमचंद्र बोस या दोघांचा मोठा वाटा, पण पद्धत जगभर ओळखली जाते ती त्यांच्या साहेबाच्या, एडवर्ड हेन्रीच्या नावानं. ठशांवरून माणूस ओळखण्याच्या शास्त्रात हे घडावं!

हे भिंतीवर लिहायचं का? नाही. फलक लावले की लोक फलकच वाचतात.

११ जुलै

मावशी आल्या नाहीत. लाडक्या बहिणीचा फॉर्म. महिना पंधराशे रुपये आहेत, तेव्हा अख्ख्या वस्तीतल्या बायका रांगेत. बँक खात्याला आधार जोडलेलं हवं, आणि तिथं पुन्हा बोटं. संध्याकाळी फोनवर म्हणाल्या, “पोरगा म्हणतो हात धुऊन या, धुतला. म्हणतो पुसून या, पुसला. शेवटी म्हणतो, उद्या या. बोट तेच राहणार ना रे उद्या बी?”

डोळ्यांवरून होतं, हे मी सांगितलं. आधारच्या नोंदणीत दहा बोटं, दोन्ही बुबुळं आणि चेहरा असं तिन्ही घेतलेलं असतं. पण बुबुळाचं यंत्र त्या केंद्रावर होतं का, आणि असलं तर त्या मुलानं ते काढायची तसदी घेतली असती का, हे निराळे प्रश्न.

एक गोष्ट मात्र मला आज उलगडली. हे यंत्राच्या क्रूरपणाबद्दलचं काम नाही. तसं केलं तर ते फार सोपं होईल, आणि खोटंही. रेशनच्या मशीनमुळे धान्य कुणी मधल्यामध्ये लंपास करत नाही, असं मावशीच म्हणतात. मला हवंय ते ‘जुळत नाही’ म्हणून फेकून दिलेलं चित्र. त्या धुक्यात मावशींनी काय काम केलं, कुठल्या हातानं, किती जोर लावून, हे सगळं आहे. जुळणाऱ्या स्वच्छ ठशात त्यातलं काहीच नसतं.

१८ जुलै

आईच्या कपाटातून पणजोबांच्या जमिनीचा खरेदीखताचा कागद काढला. खाली सहीच्या जागी ‘नि. डा. हा. अं.’ आणि शेजारी जांभळा ठिपका. निशाणी डाव्या हाताचा अंगठा. शाई इतकी दाबलीय की रेघ एकही नाही. आजच्या कुठल्याही मशीननं पणजोबांना परत पाठवलं असतं.

त्याच्याही आधीच्या मराठी कागदांत अंगठा नाही. तिथं पाटील-कुणब्याच्या नावापुढं ‘निशाणी नांगर’ आणि नांगराचं छोटंसं चित्र. बाईच्या नावापुढं बांगडी. लिहिता न येणाऱ्या माणसानं आपलं अवजार काढायचं आणि ती त्याची सही. अर्थात त्यात जात पक्की बांधलेली होती, अवजार बदलायची मुभा नव्हती. त्या पद्धतीच्या प्रेमात पडायचं काही कारण नाही. पण एवढं खरं की कागद विचारत होता, तू काय करतोस. अंगठ्यानं ते विचारणं थांबवलं. आणि तरी काम अंगठ्यावर उमटलंच.

मावशींना विचारलं, तुमची निशाणी काय काढायची? विचारही केला नाही. “घासणी नको हं, ताई. काय तरी बरं काढा.”

२६ जुलै

काल खडकवासल्यातून पाणी सोडलं, सिंहगड रस्त्याला एकतानगरीत घरांमध्ये पाणी शिरलं. इथं कोथरूडात फक्त वीज गेली. हवा इतकी दमट की सगळे कागद लोळागोळा. सेन्सरनं आज मावशींची तर्जनी चक्क घेतली. पावसाळ्यात मावशी आहेत, उन्हाळ्यात नाहीत. ही नोंद कुठंतरी वापरायची.

८ ऑगस्ट

तांबट आळी. कागदावर छापून हे होणार नाही, हे मला बरेच दिवस कळत होतं. छाप सपाट असते. ठसा म्हणजे उंचवटे आणि चर. बोटावरच्या दोन रेघांमधलं अंतर साधारण अर्धा मिलिमीटर. चाळीसपट मोठं केलं तर दोन सेंटीमीटर, म्हणजे हातोडीला जागा मिळते. दोन सेंटीमीटरचं पेर ऐंशी सेंटीमीटर होतं. भिंतीवर एका बोटाचा माणसाएवढा रुबाब.

कसब्यातल्या या आळीत पेशवाईपासून तांब्याची ठोकाठोक चाललीय. आता जुनी घरं थोडी आणि ठोकणारे त्याहून थोडे. एका दुकानातल्या तांबट काकांनी माझा कागद लांब धरून बघितला.

“हे भांडं कुठलं?”

“भांडं नाही काका, बोट आहे.”

“बोट आम्ही नाही करत. घंगाळ सांगा, बंब सांगा.”

मग सेन्सर काढून दाखवला. काकांनी अंगठा ठेवला, धुकं. तर्जनी, धुकं. दुकानातल्या दोन्ही पोरांना बोलावलं, त्यांनीही ठेवली. धाकट्याचा कसाबसा उमटला, तर मोठा म्हणाला, “बघा, हा काम करत नाही.” तिथून पुढं बोलणं सोपं गेलं.

अठरा गेजचा पत्रा मनात होता. काकांनी मोडीत काढला: ऐंशी बाय साठचा अठरा गेज पाच किलोच्या वर जातो, आणि त्यावर उंचवटे उठवता उठवता हात मोडतील. बावीस घ्या, तो पातळ. तीन किलोच्या आसपास. तांबं किलोला नऊशेच्या घरात, म्हणजे एका बोटाला मजुरी सोडून पावणेतीन हजार. पाच बोटं करायची ठरलं. दहा परवडत नाहीत.

२१ ऑगस्ट

पहिला पत्रा. भट्टीत लाल केला आणि सरळ पाण्यात बुडवला. लोखंड असं केलं तर कडक होतं, तांबं मऊ पडतं. मग गरम राळेवर बसवला आणि मागून रेघा उठवायला घेतल्या. ठोकत गेलं की तांबं पुन्हा कडक होतं, पुन्हा भट्टी, पुन्हा पाणी. मी स्केच पेननं आखलेल्या रेघांवरून काकांची हातोडी चालत होती, आणि रेघ अधूनमधून त्यांच्या मनासारखी वळत होती. टोकलं नाही.

अडलं ते मधल्या पट्ट्यावर. तिथं रेघाच नाहीत, तर करायचं काय? मी म्हटलं, कोरा ठेवू. काका म्हणाले, “कोरा पत्रा म्हणजे काम राहिलेला पत्रा. लोक म्हणतील, पैसे कमी पडले.” आणि त्यांनी ती जागा मठारायला घेतली.

मठारकाम म्हणजे हंड्या-घंगाळांवर दिसतात ते एकसारखे चपटे ठिपके. भांडं नुसतं सुंदर दिसावं म्हणून ते नसतात, पत्रा त्यानं टणक होतो. घाव मनगटातून, एकाला एक लागून, ना वर ना खाली. शेजारचा पोरगा रेडिओ ऐकत होता, काका त्याच्या तालावर नव्हते, स्वतःच्याच होते. तासाभरानं पट्टा भरला. अख्ख्या पत्र्यात सगळ्यात जास्त घाव तिथं, जिथं ठसा पुसलाय. आणि तिथंच सगळ्यात जास्त चमक.

हे मला सुचलं नव्हतं. कामाच्या श्रेयात काकांचं नाव माझ्या बरोबरीनं जाईल, खाली बारीक अक्षरांत नाही.

६ सप्टेंबर

उद्या गणपती. आळीत पुढचे दहा दिवस आपलं काम होणार नाही, हे गृहीत.

दरम्यान एक अडचण उकरून काढली आहे. खऱ्या माणसाचं खरं बोट चाळीसपट करून भिंतीवर टांगायचं, आणि समोर प्रत्येकाच्या हातात कॅमेरा. २०१४ मध्ये जर्मनीतल्या एका हॅकरनं तिथल्या संरक्षणमंत्र्यांच्या अंगठ्याचा ठसा नुसत्या फोटोंवरून तयार केल्याचं दाखवलं होतं. आपल्याकडे दस्तांवरचे ठसे उचलून, सिलिकॉनचे अंगठे करून लोकांच्या खात्यांतून पैसे काढल्याचे गुन्हे पोलिसांनी पकडले आहेत. पासवर्ड बदलता येतो. बोट कुठून बदलणार?

मावशींना हे नीट समजावून सांगितलं. त्या हसायलाच लागल्या. “माझं सरकारला लागंना, चोराला काय लागतंय!”

हसू मलाही आलं, पण हमी म्हणून ते पुरत नाही. ठरवलं ते असं: पूर्ण पेर कुठंच नाही, फक्त झिजेच्या आसपासचा भाग, ठशाचा गाभा चौकटीबाहेर, आणि काकांच्या हातानं रेघा जिथं वळल्यात त्या तशाच ठेवायच्या. तांब्यावरून कुणी ठसा उचललाच, तर तो मावशींचा कमी आणि काकांचा जास्त निघेल. पेन्सिलीच्या पुडीचे मूळ कागद मावशींच्या हवाली केले. त्यांनी ते गॅसवर जाळले आणि चहा टाकला. शिवाय मावशींच्या मुलीला बसवून आधारचं बायोमेट्रिक लॉक कसं करायचं ते दाखवलं. हे कलेत मोडत नसेल, पण या कामात मोडतं.

२९ सप्टेंबर

आजच्या तारखेला २०१० मध्ये नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभलीत पहिलं आधार दिलं गेलं. पहिला बारा आकडी नंबर मिळाला तो एका आदिवासी मजूर बाईला. यावर काम करावं असं कुणीही सुचवेल. मी करणार नाही. त्यांच्याकडे तेवढ्यासाठी पुरेसे लोक कॅमेरे घेऊन गेलेत.

एका मित्रानं राफाएल लोझानो-हेमर या मेक्सिकन-कॅनेडियन कलाकाराच्या २०१० च्या ‘पल्स इंडेक्स’ची आठवण करून दिली. बघणाऱ्यानं बोट सेन्सरवर ठेवायचं, ठसा भिंतभर मोठा होतो आणि त्याच्या नाडीबरोबर धडधडतो. पुढचे लोक येतील तसा मागचा ठसा लहान लहान होत नाहीसा होतो. अप्रतिम कल्पना. फरक एवढाच की तिथं प्रत्येक बोट उमटणार हे धरलेलं आहे. तरीही माझ्या कामातला पडद्याचा भाग, जिथं बघणाऱ्याचंही बोट सेन्सरवर घ्यायचं, त्याच्या फार जवळ जात होता, तो बदलायला हवा.

१९ ऑक्टोबर

दिवाळीची मागणी आलीय, काका समया आणि पणत्यांत बुडालेत. आपली दोन बोटं राळेवर अर्धी पडून आहेत.

आत्याकडे गेले होते. तिच्या केमोच्या गोळ्या चालू आहेत, कॅपेसिटाबिन. तळहात-तळपाय सोलवटतात हे डॉक्टरांनी सांगितलं होतं. बोटांच्या रेघाही जाऊ शकतात, हे तिनं स्वतःच शोधून काढलं, फोन उघडेना तेव्हा. माझ्या डोक्यात सगळं काम आणि घासणी होतं. शरीर आणखी कशाकशानं पुसलं जातं! आत्या म्हणाली, माझं पण बोट घे. घेतलं. पाचवं बोट तिचं. या बोटाच्या पुसलेल्या भागात मठार नको, तिथं घाव शोभणार नाहीत. काकांना विचारायचं, नुसतं घासून जिल्हई देता येईल का.

२१ नोव्हेंबर

काल विधानसभेचं मतदान. डाव्या तर्जनीवर शाई. नखाच्या मुळाशी कातडीवर काळी-जांभळी, नखावर तपकिरी. त्यातलं सिल्व्हर नायट्रेट कातडीत मुरतं, म्हणून साबणाला दाद देत नाही. मावशींचं बोट आज बघितलं: कातडीवरची शाई एका दिवसात फिकी, नखावरची ठाम. फोटो काढला. कामात घेणार नाही, विषय फुटतो.

१५ डिसेंबर

पडद्याचा भाग. आधीची कल्पना अशी होती की दाराशी मशीन ठेवायचं आणि येईल त्याला ‘पुन्हा प्रयत्न करा’ सांगायचं. दोन मित्रांना करून दाखवलं. दोघंही खूश झाले, सेल्फी काढले. तिथंच कळलं की हे टाकून द्यायचं. ज्याचं बोट रोज चालतं त्याला पाच सेकंद न चालल्याची गंमत वाटते, आणि गंमत घेऊन तो घरी जातो.

आता असं: एक सेन्सर, एक साधा पडदा, दोन चौकटी. डावीकडे तुमचं बोट, जसं मशीनला दिसतं तसं, २५६ बाय २८८, एकही ठिपका सुधारलेला नाही. उजवीकडे त्याच सेन्सरनं टिपलेली पाच बोटांची धुकी, एकामागून एक, गाभा कापून. गुण नाहीत, हिरवी-लाल खूण नाही, आवाज नाही. सेन्सरमध्ये हजार ठसे साठवायची सोय आहे, ती वापरायचीच नाही. बोट उचललं की चित्र गेलं. कोड माझ्या भाच्यानं लिहिलं. “मावशी, एवढं घेऊन काहीच साठवायचं नाही?” असं तो मला वारंवार विचारत राहिला. कंपनीत त्याला उलटं शिकवलेलं असणार.

६ जानेवारी २०२५

पाचही पत्रे तयार. आत्याच्या पत्र्याला काकांनी मधोमध जिल्हई दिलीय, बघणाऱ्याचा चेहरा त्यात दिसतो, थोडा वाकडा. चिंचेनं धुऊन घेतले. वार्निश मारू नका असं काकांचं सांगणं. काळे पडले तर पडू द्यात, पुन्हा धुवायचे.

घोले रोडच्या राजा रवि वर्मा कलादालनात लावायचं. पत्रे भिंतीपासून दोन इंच पुढं, वरून तिरपा उजेड. समोरून दिवा मारला तर रेघा मरतात.

मावशींच्या मानधनाचं ठरलं. आणि प्रदर्शन झालं की त्यांचा पत्रा त्यांचा. काकांना त्यांनी परस्पर विचारून ठेवलंय की तीन किलोत काय होईल. काका म्हणाले, चांगला हंडा होईल, कळशीला उरणार नाही. माझी हरकत नाही. थोडी आहे, पण ती माझी मला.

९ जानेवारी

पाट्या. माझ्या मसुद्यात ‘घरकामगार, वय ५२, कोथरूड’ असं होतं. ओळख उघड होऊ नये म्हणून. मावशींनी वाचलं आणि विचारलं, “तुमचं नाव कुठाय?” दाखवलं, सगळ्यात वर. काकांचं त्याच्या शेजारी. “मग माझं?”

पुन्हा धोका समजावला. सगळं ऐकून घेतलं. म्हणाल्या, नाव घालायचं, पूर्ण घालायचं, आणि आधारवर आहे तसं नाही. तिथं नोंदणी करणाऱ्यानं वडिलांच्या नावातलं एक अक्षर खाल्लंय आणि आडनावाचा ‘ळ’ इंग्रजीतून फिरून ‘ल’ झालाय. दुरुस्तीला पुन्हा बोट लागेल म्हणून त्या गेल्याच नाहीत. मी वही पुढं केली. त्यांनी स्वतःच्या हातानं लिहून दिलं, सावकाश, शिरोरेघ शेवटी एका दमात. तेच अक्षर स्कॅन करून पाटीवर घेतलंय. वयाचा आकडाही खोडायला लावला.

पाट्या छापायला गेल्या. टेम्पो सोमवारी सकाळी सातला, कारण त्यानंतर जंगली महाराज रस्त्यावर उतरवून घेणं अवघड. काका स्वतः येणार आहेत, पत्रे मी टांगले तर वाकतील असं त्यांचं मत आहे.